शोकसभेच्या तारखेला साक्ष

माझ्या निधनाचे वृत्त मला रंगूबाईने आणून दिले.

सकाळची वेळ होती. तव्यावर तांदळाची भाकरी होती आणि जिन्यातून कोणाचा तरी आक्रोश वर चढत येत होता. रंगूबाई दिवाळे गावची कोळीण. तरुणपणापासून ती आमच्या दारात मासळीची पाटी उतरवत आली. पुढे पाटी सुटली, मैत्री सुटली नाही. ती दारात पोहोचली, मला पाहिले आणि तोंडातला सूर अर्धाच राहिला.

"आत ये," मी म्हणाले. "एवढी भाकरी उलटते."

"तू जिती हायस?"

"तुला काय दिसते?"

"मंग नाक्यावर तुजा येवरा मोठा फोटू कोनी लावलाय? हार घातलेला?" ती भिंतीला टेकून खाली बसली आणि पदराने डोळे पुसू लागली. "दिवाल्याशी रिक्षा करून आयले मी. रस्ताभर रडले. ता सगला फुकट गेला?"

"फुकट का जाईल? खरी जाईन तेव्हा वळते करून घे."

ती हसली, पुन्हा रडली, आणि मग तिने गरम भाकरी मागून घेतली.

मी लुगडे नीट केले, चष्मा लावला आणि खाली उतरले. आमचे गाव बोनकोडे. चहूबाजूंनी कोपरखैरणेचे सेक्टर वाढले तरी गाव आपल्या जागी आहे, आणि गावच्या नाक्यावर बॅनर नाही असा दिवस जात नाही. वाढदिवस, दहावीचा निकाल, नवी गाडी, एकदा तर कुणाच्या कुत्र्याचा पहिला वाढदिवस. आमच्या मुलांची रीत अशी की बॅनर कोणाचाही असो, त्यावर आपला फोटो हवाच. उत्सवमूर्ती मधोमध आणि खाली शुभेच्छुकांची रांग, त्यात काळे चष्मे, सोनसाखळ्या, हात जोडलेले.

त्या दिवशी मधोमध मी होते. "भावपूर्ण श्रद्धांजली. आमच्या प्रेमळ काकी कै. गोजराबाई गोटीराम केणी." त्याखाली शोकसभेची तारीख. त्याखाली "शोकाकुल" म्हणून दिपेश केणी, त्याचा भाऊ शौनक आणि त्यांच्या मंडळाची सगळी पोरे. दिपेशने दुःखाच्या प्रसंगीही काळा चष्मा काढलेला नव्हता.

शोकसभेची तारीख मी दोनदा वाचली. न्यायालयात माझी साक्ष ज्या दिवशी व्हायची होती, तीच ती तारीख होती.

येथे थोडे मागे जाणे भाग आहे. माझे यजमान गोटीराम केणी यांनी गावठाणातल्या आपल्या वाट्याच्या जागेवर तीन मजली घर बांधले. वर भाडेकरू राहतात, पहिल्या मजल्यावर मी. मुलगा प्रितम नोकरीच्या सोयीसाठी ऐरोलीला राहतो. यजमान गेले आणि माझ्या धाकट्या दिराच्या मुलांना, म्हणजे दिपेश आणि शौनक यांना, आमची जागा हवीशी झाली. दिपेश बांधकामाच्या धंद्यात आहे. आजूबाजूची घरे त्याने मिळवली होती, मधे माझे एकटे उरले. मी नकार दिला. त्याने एके दिवशी माझ्या अंगणाला पत्रे ठोकले, आणि मी बेलापूरच्या न्यायालयात दावा लावला.

त्या दाव्याला त्यांनी लेखी उत्तर दिले. त्यातले एक वाक्य माझ्या वकील शर्मिला गमरे मला वाचून दाखवायचे टाळत होत्या. मी कागद मागवून घेतला आणि स्वतः वाचला. "वादी गोजरा ही कै. गोटीराम यांची विवाहित पत्नी नसून घरकामास ठेवलेली स्त्री होती." ज्या अर्थी मी पत्नी नव्हे, त्या अर्थी प्रितम वारस नव्हे आणि जागा त्यांची, असा त्यांचा हिशेब.

माझे लग्न आमच्या आगरी रीतीने झाले. धवलारीन बाईने मांडवात बसून लग्नाची गाणी, म्हणजे धवळे, गायिले आणि लग्न लागले. त्या काळी गावात कोणी लग्नाची नोंदणी करत नसे, फोटो काढणारा तर ठाण्याहून आणावा लागे. रेशनकार्डावर माझे नाव गोटीरामांच्या नावाखाली आहे, परंतु नाव लावल्याने लग्न होत नाही, असे त्यांच्या वकिलांनी लिहिले होते.

जागा गेली असती तर मी कदाचित सोसले असते. ते वाक्य मी सोसणार नव्हते. साक्षीच्या दिवशी पिंजऱ्यात उभी राहून मी या घरात कोण म्हणून आले ते मला सांगायचे होते. मी गेले नाही तर ते वाक्य न्यायालयाच्या दप्तरात तसेच राहणार होते, आणि माझ्या नातवंडांनी ते वाचले असते.

साक्षीची तारीख लागल्यापासून प्रितमला फोन येऊ लागले होते. "आईला सांभाळ. या वयात ऐन वेळेला तब्येत बिघडते." एकदा देवळातून येताना दोन पोरांनी दुचाकी माझ्या इतकी जवळून नेली की पदर तिच्यात अडकून फाटला. कोणी शिवी दिली नाही, कोणी हात उगारला नाही. आणि आता हा बॅनर.

प्रितम ऐरोलीहून धावत आला. तो तावातावाने बॅनर फाडायला निघाला.

"फाडायचा नाही," मी म्हणाले. "दोऱ्या सोड, नीट घडी घाल आणि घरी आण."

"आई, लोक बघतायत. तुझा हार घातलेला फोटो आहे."

"माझा फोटो आहे, म्हणूनच सांगते. चुरगळू नकोस."

पोलीस ठाण्यातल्या साहेबांनी आम्हाला बसवले, पाणी दिले, बॅनर टेबलावर पसरून शेवटपर्यंत वाचला. "आजी, यात धमकीचा शब्द नाही ना एकही. श्रद्धांजली आहे. विचारलं तर म्हणतील, चुकीची बातमी कानावर आली, आदराने लावला. अर्ज मी घेतो, त्यांना बोलावून समजही देतो. पण तुमच्या दाराशी माणूस बसवायचा तर मला आदेश लागतो. तो कोर्टातून आणा."

"आणते," मी म्हणाले.

परतताना प्रितम हळूच म्हणाला, "आई, आपण तडजोड करूया का? दोन फ्लॅट देतो म्हणतो तो. सगळं टेन्शन संपेल."

"त्या फ्लॅटच्या कागदावर माझे नाव काय लिहिणार आहे तो? मोलकरीण?"

त्यानंतर त्याने तडजोडीचे नाव काढले नाही. गावकीतले दोघे मात्र आले. पोलीस, कोर्ट हे आपल्यात शोभत नाही, गावचे भांडण गावात मिटवावे, असे त्यांचे म्हणणे. मी त्यांना चहा दिला आणि विचारले, "नाक्यावर माझी शोकसभा लागली, तेव्हा गावकी कोठे होती?" त्यांनी चहा संपवला.

शर्मिलाबाईंनी संरक्षणाचा अर्ज तयार केला. या बाई मूळच्या मंडणगडकडच्या. वय तरुण, बोलणे कमी. बॅनरची घडी त्यांनी माझ्यासमोर उलगडली, तेव्हा मी एका शब्दावर बोट ठेवले. त्यांनी तो शब्द पाहिला, मग माझ्याकडे पाहिले.

"हे तुम्ही केव्हा पाहिलंत?"

"नाक्यावरच. म्हणून तर फाडू दिला नाही."

"मी मांडू, की तुम्ही मांडाल?"

"न्यायाधीशांनी परवानगी दिली तर मीच मांडते."

अर्जाच्या सुनावणीला दिपेशचे वकील मोठ्या नम्रतेने उभे राहिले. अशिलांचा हेतू निर्मळ होता. गावात चुकीची बातमी पसरली. दुःखाच्या भरात तरुणांनी बॅनर लावला. तारखेचा केवळ योगायोग. वृद्ध बाईंना उगाच भीती वाटते आहे, आणि तेवढ्यासाठी पोलिसांना वेठीस धरणे उचित नाही. शर्मिलाबाईंनी फोनचे, दुचाकीचे सांगितले आणि शेवटी मला दोन शब्द बोलू द्यावेत अशी विनंती केली. न्यायाधीशांनी मान हलवली.

मी उभी राहिले. प्रितमने आणि शर्मिलाबाईंच्या मदतनीस मुलीने बॅनर दोन्ही टोकांना धरला. एवढ्या मोठ्या आकाराची मी त्या दालनात मावत नव्हते. एक टोक दाराबाहेर गेले.

"साहेब," मी म्हणाले, "मला भीती वाटते की नाही, हा प्रश्न बाजूला ठेवू. या लोकांनी लेखी उत्तरात लिहून दिले आहे की मी या घरातली कोणी नाही, ठेवलेली बाई आहे. आणि येथे स्वतःच्या नावाने, स्वतःच्या फोटोसह छापले आहे, 'आमच्या काकी'. काकी म्हणजे काकाची बायको. माझी विनंती एवढीच की यांना विचारावे, मी जिवंत असेपर्यंत परकी आणि मेले की काकी, असे काही आहे काय? तसे असेल तर मी मरावे असे यांना का वाटते, ते वेगळे सांगायला नको."

मागच्या बाकावर कोणीतरी हसले आणि लगेच खोकले. दिपेशच्या वकिलांनी वळून दिपेशकडे पाहिले. ते पाहणे मी विसरणार नाही. छापण्यापूर्वी बॅनर वकिलाला दाखवावा, हे आमच्या गावात अजून कोणाला सुचलेले नाही.

न्यायाधीश सावध गृहस्थ होते. नाते काय ते पुराव्याच्या वेळी ठरेल, आज त्यावर मत देत नाही, असे त्यांनी स्पष्ट केले. परंतु पक्षकाराला निर्भयपणे साक्ष देता आली पाहिजे, हे पाहणे न्यायालयाचे कर्तव्य आहे, असे म्हणून त्यांनी आदेश दिला. साक्ष पूर्ण होईपर्यंत माझ्या दाराशी पोलीस; तारखेच्या दिवशी घरापासून न्यायालयापर्यंत आणि परत बंदोबस्त; प्रतिवादींनी किंवा त्यांच्या माणसांनी माझ्या वाटेला जायचे नाही.

आदेशाची प्रत हातात आली तेव्हा प्रितम म्हणाला, "म्हातारपणी पोलिसांच्या पहाऱ्यात राहायची वेळ आली तुझ्यावर."

"पहारा चोरावर असतो," मी म्हणाले. "मला संरक्षण दिले आहे. राज्याने, माझ्या नावाने. त्यात मान खाली घालण्यासारखे काय आहे?"

दाराशी आली ती पायल सोनकांबळे नावाची शिपाई. लातूरकडची, उंच, वेणी घट्ट बांधलेली. जिन्याच्या चौकात प्लास्टिकची खुर्ची टाकून बसली.

दुपारी मी दार उघडले. "पायल, जेवायला ये."

"नको आज्जी. डबा हाय माजा. ड्युटीवर आमाला कुणाचं खाता येत नाई."

"मग आत बसून तुझा डबा तू खा. माझ्या दारात माणूस जिन्यावर जेवले, असे या घरात झालेले नाही."

तिने थोडा विचार केला. आत बसू नये असे काही तिच्या नियमात नव्हते. ती आली, आपला डबा उघडला आणि माझ्या ताटातल्या बोंबलाकडे एकदा पाहिले.

"हे तरी खाता येते का?"

"नाई," ती म्हणाली. "पण वास घेतलेला चालतो."

मला ती मुलगी आवडली. तिच्या येण्याने फोन बंद झाले. दुचाकीवाली पोरे आमची गल्ली सोडून लांबच्या रस्त्याने जाऊ लागली. भाडेकरूंच्या बायका जिन्यात थांबून तिच्याशी भरतीच्या परीक्षेबद्दल बोलत, आणि त्यांतल्या एकीने त्या आठवड्यात आपल्या मुलीला धावण्याच्या सरावाला पाठवलेसुद्धा.

साक्षीचा दिवस उजाडला. प्रितमने गाडी अगदी दाराशी लावली होती, काचांना पडदे होते.

"गाडी गावदेवीच्या देवळापाशी ने," मी म्हणाले. "तेथवर मी चालत येईन."

"आई, कशाला?"

"मी या गावात सून म्हणून आले ती भर रस्त्याने आले. आज काचेआड लपून गेले, तर लोक म्हणतील तेच खरे."

मी इरकली नेसले होते. एका बाजूला पायल, दुसऱ्या बाजूला पोलीस ठाण्यातून आलेले दोन शिपाई, आणि मधे मी आपल्या चालीने. गुडघे दुखतात म्हणून माझी चाल मंद आहे. त्या सर्वांना ती घ्यावी लागली. खिडक्या उघडल्या. पिठाच्या गिरणीवाल्याने गिरणी थांबवली. दिपेशच्या कामाच्या कचेरीसमोरून जाताना तो दारातच उभा दिसला.

"काय, एकदम व्हीआयपी?"

"दिपेश, आधी हाक मारावी, मग बोलावे. ही रीत तुला मीच शिकवली होती."

त्याने पायलकडे पाहिले, मग पायाकडे. "वकिलांनी सांगितलंय, बोलायचं नाही काही."

"सल्ला योग्य आहे," मी म्हणाले. "छापण्याच्या आधी मिळाला असता तर बरे झाले असते."

शिपायांपैकी एकाने तोंड फिरवून हसू गिळले. आम्ही पुढे निघालो.

न्यायालयात पोहोचले तेव्हा दालनात बरीच माणसे होती. दिपेश आणि शौनक त्यांच्या गाडीने आमच्या पाठोपाठ आले. त्यांच्याबरोबर पुतळाही होती. पुतळा ही त्यांची आई, माझी धाकटी जाऊ. दीर गेल्यावर प्रतिवादी म्हणून कागदावर तिचेही नाव होते. पण दावा सुरू झाल्यापासून ती मला भेटली नव्हती, मुलांनी भेटू दिली नव्हती. आज तिला का आणले ते उघड होते. मी तिच्यासमोर अडखळावे, अशी त्यांची अपेक्षा असावी. मुले बाकावर बसली. मी पिंजऱ्याकडे वळले.

शपथ झाली. न्यायाधीशांनी माझे वय पाहून खुर्ची देऊ केली. मी नको म्हटले. जे सांगायचे होते ते बसून सांगण्यासारखे नव्हते.

"नाव?"

"गोजरा गोटीराम केणी."

त्यांच्या वकिलांनी उलटतपासणी सुरू केली. आवाज मऊ, प्रश्न धारदार. लग्न लावणारी धवलारीन कोठे आहे? वारली. सासूसासरे? वारले. लग्नाला हजर असलेला एक तरी माणूस आज हयात आहे काय?

"नाही," मी म्हणाले. जे खरे ते खरे.

"म्हणजे तुमच्या शब्दाशिवाय पुरावा नाही."

"माझ्या शब्दाखेरीज माझे सारे आयुष्य त्या घरात गेले आहे."

"घरकाम करणाऱ्या बाईचंही जातं," ते म्हणाले.

मी चष्मा काढला, पदराने पुसला आणि पुन्हा लावला.

"बरं," ते पुढे म्हणाले, "त्या घरानं तुम्हाला सून म्हणून वागवलं, हे डोळ्यांनी पाहिलेलं घरातलं कोणी जिवंत आहे?"

होते. पुतळा लग्न होऊन आली, तेव्हा उंबरठ्यावर तिला ओवाळून आत घेणारी मी होते. तिची दोन्ही बाळंतपणे मी केली. परंतु ती विधवा बाई मुलांच्या घरात, मुलांच्या हातचे खाऊन राहते. आज मी तिचे नाव घेतले, तर रात्री तिला कोणत्या तोंडाने त्या घरात शिरावे लागेल, ते मला कळत होते.

"आहे," मी म्हणाले. "परंतु नाव मी घेणार नाही. तिला तिच्या माणसांत राहायचे आहे."

शर्मिलाबाईंनी दचकून माझ्याकडे पाहिले. वकील प्रसन्न हसले. "म्हणजे नाही, असंच लिहून घ्यावं."

न्यायाधीश टंकलेखकाला काही सांगणार, एवढ्यात त्यांची नजर दालनाच्या मागच्या बाजूला गेली.

"त्या बाई मघापासून उभ्या का आहेत? बाकावर जागा आहे. बसा, बाई."

मी वळून पाहिले. पुतळा भिंतीशी उभी होती. पदर कपाळापर्यंत ओढलेला, एक हात भिंतीला टेकलेला. तिचे गुडघे माझ्यापेक्षा वाईट आहेत. शेजारच्या बाकावर दिपेश सरकून जागा करत होता आणि दबक्या आवाजात म्हणत होता, "आई, बस ना. आई, साहेब सांगतायत."

पुतळा बसली नाही.

"काही अडचण आहे का?" न्यायाधीशांनी विचारले.

तिने मान वर केली नाही. तिला कोणी शपथ दिली नव्हती, कोणी काही पढवले नव्हते. घरात जे रोज बोलायची तेच ती बोलली, आणि इतक्या सहज, की आपण काय बोललो ते तिला कळलेसुद्धा नसेल.

"मोठी जाव उभी हाय," ती म्हणाली. "मी कशी बसू?"

त्यांचे वकील ताडकन उभे राहिले. या बाई शपथेवर नाहीत, हे वाक्य नोंदवता येणार नाही. न्यायाधीश म्हणाले की त्या प्रतिवादी आहेत, वाक्य न्यायालयासमक्ष उच्चारले गेले आहे, आणि ते उच्चारले गेले एवढी नोंद होईल. शपथेवर त्यांची वेळ पुढे येईलच. मग ते टंकलेखकाकडे वळले आणि पुतळाचे शब्द तिच्याच बोलीत, एकेक करून सांगितले. यंत्राचा आवाज होत राहिला. दिपेशने डोके दोन्ही हातांत धरले होते.

पुतळा अजून उभीच होती. भिंतीवरचा तिचा हात घसरत होता, तो ती पुन्हा वर नेत होती.

"साहेब," मी म्हणाले, "मघाशी आपण खुर्ची देऊ केली होती. आता घेते."

पायलने खुर्ची आणून पिंजऱ्यात ठेवली. मी बसले.

मग पुतळा बसली.

"विचारा," मी वकिलांना म्हणाले.